समोरच्या अंगणाला आडोसा हवाय? आठ फुटी पत्रा ठोकण्याआधी हे वाचा

तुमचा प्रश्न मला समजला तो असा: विलेपार्ले पूर्वेला वडिलोपार्जित एकमजली घर, पुढे साधारण दहा फुटांचं अंगण आणि रस्त्याच्या कडेला कमरेएवढी जुनी भिंत. समोरच्या दोन जुन्या इमारती पाडून तिथे टॉवर उभा राहिला, खाली फुटपाथवर रिक्षांची रांग लागायला लागली आणि आईला ओट्यावर बसणं नकोसं झालं. म्हणून भिंतीच्या जागी आठ फुटी रंगीत पत्र्याचं कुंपण करायचं ठरवलंय. फॅब्रिकेटर म्हणतो, ‘पत्र्याला कसली आलीय परवानगी?’ शेजारचे काका म्हणतात, ‘वॉर्डातून माणूस येईल.’ खरं कोणाचं?

काकांचं. पण तुम्ही विचारलंय ते कुंपणाबद्दल, आणि तुमची अडचण आहे नजरेची. मी लायसन्स सर्व्हेअर, म्हणजे महापालिकेकडे नकाशे सादर करायचा परवाना असलेला माणूस आहे, पश्चिम उपनगरातली अशी कामं नेहमी बघतो. बहुतेकांचे पैसे याच घोटाळ्यात जातात: हद्दीवर उंच भिंत किंवा पत्रा उभा करतात, नोटीस ओढवून घेतात आणि वरच्या मजल्यांवरून तरीही सगळं दिसतंच. म्हणून आधी नियम सांगतो, मग मी तुमच्या जागी असतो तर काय केलं असतं ते.

मुंबईत सध्या विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावली २०३४ लागू आहे. तिच्याप्रमाणे आयुक्तांची खास परवानगी नसेल तर कंपाउंडची भिंत जास्तीत जास्त १.५ मीटर, म्हणजे चार फूट अकरा इंच. एकूण उंची २.४ मीटरपर्यंत, म्हणजे जवळजवळ आठ फुटांपर्यंत नेता येते, पण १.५ मीटरच्या वरचा भाग आरपार दिसेल असा हवा. ग्रिल चालेल, जाळी चालेल. बंद पत्रा चालणार नाही. तुमच्या फॅब्रिकेटरने ‘आठ फूट’ हा आकडा बहुधा इथूनच उचललाय, पुढची अट तेवढी सोडून दिली.

इंटरनेटवर नियम शोधताना एक काळजी घ्या. पुणे-ठाण्याची माणसं ज्या एकत्रित नियमावलीचा हवाला देतात ती डिसेंबर २०२० ची आहे आणि मुंबई महापालिकेच्या हद्दीत ती लागू नाही. आकडे सारखे दिसले तरी अर्जात तिचा उल्लेख केलात, तर टेबलापलीकडचा माणूस तिथेच मान हलवतो.

आता ही उंची मोजायची कुठून, यात खरी गंमत आहे. ती तुमच्या अंगणातून मोजत नाहीत, समोरच्या रस्त्याच्या मध्यरेषेपासून मोजतात. पार्ल्यातले बरेच रस्ते डांबराचे थर चढून आणि नंतर काँक्रीट होऊन वर आलेत आणि जुनी अंगणं खाली राहिलीत. पावसाळ्यात तुमच्या फाटकातून पाणी आत येत असेल तर तुमचंही तसंच आहे असं समजा. पारदर्शक नळीत पाणी भरून गवंडी लेव्हल काढतात तशी रस्त्याच्या मध्यापासून अंगणापर्यंत काढून घ्या. पहाटे, गाड्या नसताना. अंगण रस्त्याहून एक फूट खाली निघालं, तर नियमात बसणारी भिंत आतून तुम्हाला सहा फुटांची मिळते. परवानगीच्या नकाशात ही लेव्हल दाखवावीच लागते. नाहीतर तपासणीला आलेला इंजिनिअर आतून टेप लावतो आणि वादाला तोंड फुटतं.

‘पत्रा म्हणजे तात्पुरतं काम, त्याला परवानगी नको’ हा मुंबईतल्या कंत्राटदारांचा आवडता समज आहे. महापालिकेच्या १८८८ च्या अधिनियमात ‘इमारत’ कशाला म्हणायचं ते सांगताना दगड, वीट, लाकूड, माती, धातू अशी सगळी नावं घेतली आहेत आणि वर ‘इतर कोणतंही साहित्य’ असंही म्हटलंय. पाया खणून, काँक्रीट ओतून खांब रोवला की साहित्य कोणतं यावर सुटका होत नाही. बांधकामाच्या जागांभोवती उंच निळे पत्रे दिसतात, ते दाखवून लोक माझ्याशी वाद घालतात. ते पत्रे धुळीसाठी आहेत. ऑक्टोबर २०२३ मध्ये महापालिकेने धुळीचे नियम कडक केले तेव्हा एक एकराहून लहान जागेला २५ फूट आणि मोठ्या जागेला ३५ फूट उंच पत्रे लावणं बंधनकारक केलं. काम संपलं की ते निघतात. घराच्या कुंपणाशी त्यांचा काही संबंध नाही.

जुनी भिंत आहे त्या जागी, आहे त्या उंचीची, नुसता गिलावा आणि रंग, ही डागडुजी. उंची वाढवली, नवा पाया घातला किंवा भिंत दोन इंचही पुढे सरकवली की ती भर किंवा बदल ठरतो, आणि त्याची रीतसर सूचना देऊन मंजुरी घ्यावी लागते. तुमचा वॉर्ड के-पूर्व. तिथल्या इमारत व कारखाने खात्यात आधी एक साधा लेखी अर्ज द्या: प्लॉटचा नंबर, आताची भिंत, नवी उंची, साहित्य, सोबत हाताने काढलेलं स्केच आणि फोटो. प्रकरण वॉर्डातच संपेल की इमारत प्रस्ताव विभागाकडे जाईल हे घराच्या कागदांवर ठरतं, म्हणून ते त्यांच्याकडूनच लेखी घ्या. आवक शिक्क्याची प्रत जपून ठेवा. तोंडी ‘करून टाका हो’ कोणीही म्हणतो, आणि पुढच्या बदलीत तो माणूस दुसऱ्या वॉर्डात गेलेला असतो.

परवानगी न घेता केलं तर काय होतं? बऱ्याचदा काहीच होत नाही, हेही खरं. रस्त्याने जाताना अशी डझनभर कुंपणं दिसतील. मात्र एक तक्रार पुरते, आणि समोर टॉवर झालाय म्हणजे तक्रार करू शकणारी शंभरेक घरं समोर आलीत. काम चालू असताना पकडलं तर महापालिकेच्या त्याच अधिनियमाच्या कलम ३५४ अ खाली काम थांबवून परवानगी दाखवायला सांगतात. झालेल्या कामाला ३५१ ची नोटीस येते. तिला उत्तर द्यायची मुदत असते, ती चुकवू नका. पाडकामाचा खर्चही शेवटी तुमच्याच डोक्यावर बसतो.

कुंपणाला हात लावण्याआधी दोन कागद काढा. पहिला डीपी रिमार्क, म्हणजे विकास आराखड्यात (डीपी) तुमच्या प्लॉटबद्दल काय दाखवलंय त्याचा महापालिकेचा दाखला. तुमच्या समोरचा रस्ता विकास आराखड्यात रुंद व्हायचा असेल तर रस्त्याची रेषा तुमच्या अंगणातूनही जाऊ शकते. मग तिथे घातलेला प्रत्येक रुपया पाण्यात. तसं असेल तर भिंत रेषेच्या आत घ्या, किंवा पक्क्या कामाचा विचारच सोडा. दुसरा कागद प्रॉपर्टी कार्ड आणि त्यासोबतचा नगर भूमापनाचा नकाशा. पार्ल्यात जुन्या नगररचना योजना झाल्यात, त्यामुळे सीटीएस (नगर भूमापन) नंबरसोबत त्या योजनेतला अंतिम भूखंड क्रमांकही बघा. दोन्हींची आकृती तंतोतंत जुळेलच असं नाही. जुनी भिंत हीच हद्द, असं कधीही गृहीत धरू नका. शंका असेल तर भूमापन कार्यालयाकडून मोजणी करून खुणा घालून घ्या. वेळ लागतो, पण शेजाऱ्याशी किंवा महापालिकेशी वाद झाला तर तोच कागद चालतो, माझ्यासारख्याने टेप लावून काढलेला नकाशा नाही.

कार्डावर एकट्या तुमचंच नाव आहे का, तेही बघा. वडिलोपार्जित म्हणता म्हणून विचारतो. भावंडांची नावं असतील तर त्यांची संमती अर्जाला जोडा.

हे वाचणाऱ्या बाकीच्यांसाठी थोडं, कारण सगळ्यांचा स्वतःचा प्लॉट नसतो. सोसायटीत तळमजल्याला फ्लॅट आहे आणि ‘बिल्डरने समोरची बाग आम्हालाच दिलीय’ असं म्हणणारे खूप भेटतात. ती मोकळी जागा बहुतेक वेळा सगळ्या सोसायटीची असते आणि सोसायट्यांचे आदर्श उपविधी (नियम) अशा सामायिक जागा एकट्याच्या वापराला देऊ देत नाहीत. २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्टिल्टखालच्या (इमारतीच्या तळाच्या खांबांमधल्या) आणि उघड्या पार्किंगबद्दल निकाल दिला: बिल्डरला ते सुटं विकता येत नाही. तो निकाल पार्किंगचा असला तरी बिल्डरच्या साध्या अलॉटमेंट लेटरवर किती भरवसा ठेवायचा हे त्यावरून कळतं. तिथे कुंपण घालणं म्हणजे अग्निशमन बंबाच्या वाटेत, सांडपाण्याच्या चेंबरवर आणि मीटरच्या केबिनसमोर आडवं येणं. म्हाडाच्या वसाहतीत राहत असाल तर २०१८ पासून नियोजन प्राधिकरणाचे अधिकार म्हाडाकडेच आहेत, अर्ज तिकडे. पागडीच्या घरात मालकाच्या लेखी संमतीशिवाय पुढे जाऊ नका. गावठाण, वारसा यादीतली वाडी किंवा समुद्रालगतचा पट्टा असेल तर आणखी एक-दोन दारं वाजवावी लागतात, त्यासाठी स्थानिक आर्किटेक्ट गाठा. पार्लेकरांना विमानतळाच्या उंचीच्या मर्यादेची सवय असते. कुंपणाला तिचा जाच नाही, तेवढं एक बरं.

आता नजरेचा हिशोब. तुमची आई ओट्याच्या कडेला, हद्दीपासून दहा फुटांवर खुर्चीत बसते असं धरू. डोकं जमिनीपासून चार फुटांवर. रस्ता चाळीस फुटांचा, टॉवर त्याच्या हद्दीपासून दहा फूट आत. म्हणजे आईपासून टॉवरची खिडकी आडव्या अंतराने साठ फुटांवर. चौथ्या मजल्याची खिडकी चाळीस फुटांवर धरली तर तिथली नजर अडवायला तुमच्या हद्दीवरचं कुंपण दहा फूट उंच लागेल. आठव्या मजल्यासाठी जवळजवळ सतरा फूट! तुमचा आठ फुटी पत्रा दोघांनाही पुरत नाही. आता तोच आडोसा आईपासून तीन फुटांवर आणा. चौथ्या मजल्यासाठी सहा फुटांच्या आत काम होतं आणि आठव्या मजल्यालाही आठ फूट पुरतात. आडोसा बसणाऱ्याच्या जितका जवळ, तितका तो कमी उंचीत जास्त झाकतो. कागदावर एक तिरकी रेघ ओढून बघा, लगेच पटेल.

म्हणून माझा सल्ला असा की हद्दीवर आडोसा करूच नका. हद्दीवर नियमातली भिंत ठेवा, ती रिक्षातल्या आणि रस्त्यापलीकडच्या माणसांसाठी पुरेशी आहे. भिंतीला अगदी चिकटून उभ्या असलेल्याला मात्र चार फूट अकरा इंचांवरून आत डोकावता येतं. त्याच्यासाठी वर तीन फूट ग्रिल आणि ग्रिलवर वेल. ‘आरपार दिसणं’ या अटीत वेल बसतो का? अक्षरशः बघितलं तर दाट वेल त्यात बसत नाही. पण वेलासाठी कोणाला नोटीस आलेली माझ्या पाहण्यात नाही. हिरवी शेडनेट किंवा पॉलिकार्बोनेटची शीट ग्रिलला बांधली की मात्र ते लगेच डोळ्यांवर येतं, आणि एका पावसाळ्यात नेटच्या चिंध्याही होतात. तेव्हा ग्रिल मंजूर करून घ्या आणि वेल विरळ ठेवा, छाटत राहा.

खरा आडोसा ओट्याजवळ. सुटे, जड प्लँटर (झाडांच्या मोठ्या कुंड्या) आणि त्यात रोवलेली बांबूची किंवा लाकडी पट्ट्यांची चौकट, पट्ट्यांमध्ये बोटभर फट ठेवून. जमिनीत पाया नाही, घराच्या भिंतीत खिळे नाहीत, वर छप्पर तर अजिबात नाही. छप्पर टाकलं की तो आडोसा राहत नाही, समोरच्या मोकळ्या जागेतलं बांधकाम होतं आणि मग नियमावलीचं वेगळंच पान उघडावं लागतं. उन्हासाठी काही हवंच असेल तर गुंडाळता येणारा चिकाचा पडदा पुरे. अंगणातली चेंबरची झाकणं आणि पाण्याचा मीटर यांच्यावर प्लँटर ठेवू नका. चोकअप झाल्यावर मातीने भरलेला प्लँटर ओढायला चार माणसं लागतात, आणि चोकअप नेमका गणपतीत होतो. प्लँटरखाली बशा ठेवल्यात तर पाणी साचू देऊ नका. डासांच्या अळ्या सापडल्या तर कीटकनाशक विभाग दंड करतो.

झाडांत कामिनी, तगर आणि जास्वंद मुंबईच्या हवेत बिनतक्रार वाढतात. जूनच्या पहिल्या चांगल्या पावसानंतर दोन-दोन फुटांवर लावा. डोक्याएवढी व्हायला दीड-दोन वर्षं जातात, तोवर बांबूची चटई पुरते. वेलांत कृष्णकमळ हलकं, मधुमालती सुंदर पण जड, पातळ ग्रिल वाकवते. भिंतीच्या फटीत पिंपळ किंवा वड उगवला तर बोटाएवढा असतानाच उपटा. आधीपासून मोठं झाड असेल तर त्याच्या बुंध्याशी काँक्रीट नेऊ नका, निदान मीटरभर माती उघडी सोडा. फांद्या तोडायच्या असतील तर वृक्ष प्राधिकरणाची परवानगी घ्या, १९७५ चा झाडांचा कायदा खासगी अंगणातल्या झाडालाही लागू आहे.

एवढं सांगूनही पत्राच हवा असं वाटत असेल, तर वाऱ्याचं गणित ऐका. भारतीय मानकात मुंबईसाठी वाऱ्याचा मूळ वेग सेकंदाला ४४ मीटर धरतात. त्या वेगाला चौरस मीटरवर साधारण ११८ किलोचा दाब येतो. २.४ मीटर रुंद आणि तेवढाच उंच बंद पत्रा शिडासारखा वारा धरतो, त्यावर पावणेसातशे किलोच्या आसपास जोर. इमारतींच्या आडोशामुळे तुमच्या गल्लीत तो निम्मा धरला, तरी फॅब्रिकेटर जुन्या विटांच्या भिंतीवर चार बोल्ट मारून जो खांब उभा करतो त्याला हा जोर झेपत नाही. आधी खांब जात नाही, खालची भिंतच जाते, आणि ती फुटपाथवर पडते. १७ मे २०२१ ला ताउत्के वादळ मुंबईजवळून गेलं तेव्हा शहरात शेकडो झाडं पडली, तिथे पत्र्याची काय कथा. खाली रिक्षावाले उभे असतात असं तुम्हीच लिहिलंय. पट्ट्यांमध्ये फट ठेवायला सांगितलं ते याचसाठीही.

भिंत नवी करणार असाल तर जुनीवर चढवू नका. खाली फुटिंग (पायाचं रुंद काँक्रीट), दर आठ-दहा फुटांवर आरसीसी कॉलम, मध्ये वीट किंवा ब्लॉक. फुटिंगचा पायासुद्धा हद्दीच्या आत राहिला पाहिजे, तो फुटपाथखाली सरकवणं हेही अतिक्रमणच. अंगण रस्त्याहून खाली असेल तर पावसाचं पाणी भिंतीच्या एका बाजूला तुंबतं, म्हणून तळाशी दर पाच-सहा फुटांवर तीन इंची पाइप सोडा आणि त्यांच्या तोंडाला जाळी लावा. मालाडला पिंपरीपाड्यात २ जुलै २०१९ ला मध्यरात्रीनंतर जलाशयाची संरक्षक भिंत मुसळधार पावसात झोपड्यांवर कोसळली आणि वीसहून जास्त माणसं गेली. ती भिंत तुमच्यापेक्षा कितीतरी मोठी होती. पण साचलेलं पाणी लहान भिंतीलाही ढकलतं. फाटक आत उघडणारं करा, रस्त्यावर उघडणारी दारं महापालिकेच्या कायद्याला चालत नाहीत. भिंतीवर काचा लावू नका. सळ्या-ग्रिल हॉट डिप गॅल्व्हनाइझ्ड (वितळलेल्या जस्तात बुडवून काढलेली) घ्या, पार्ल्यापर्यंत खारी हवा येते आणि साधं लोखंड दोन पावसाळ्यांत फुगतं.

‘समोरच्या टॉवरला खिडक्या बंद करायला लावता येतील का?’ असंही तुम्ही शेवटी विचारलंय. १८८२ च्या सुविधाधिकार कायद्यात रूढीने मिळणाऱ्या खासगीपणाचं उदाहरण आहे खरं, पण ती रूढी त्या गावात आहे हे सिद्ध करावं लागतं. मुंबईत मंजूर नकाशाप्रमाणे उघडलेल्या खिडक्यांविरुद्ध मी त्या वाटेने जायला सांगणार नाही. उलट बाजू मात्र लक्षात घ्या: शेजारच्या काकांच्या खिडकीला वीस वर्षं अखंड उजेड आणि वारा मिळत असेल, तर तो तुमच्या भिंतीने अडला म्हणून ते कोर्टात जाऊ शकतात. बाजूच्या हद्दीवर काही करण्याआधी त्यांना नकाशा दाखवा आणि चहा घेता घेता सही घ्या.

तुमचा प्लॉट कोपऱ्यावरचा आहे का, ते मात्र तुम्ही लिहिलेलं नाही. असेल तर वरचा १.५ मीटरचा हिशोब कोपऱ्याजवळ लागू होत नाही. वळणाऱ्या गाडीला पलीकडचं दिसावं म्हणून तिथे ०.७५ मीटरच्या, म्हणजे अडीच फुटांच्या वर भिंत आरपार दिसणारीच ठेवावी लागते, आणि त्या टप्प्यात मी वेलही चढवू देणार नाही. अर्ज देण्याआधी ते आणि रस्त्यापासूनची लेव्हल, या दोन गोष्टी इथे कळवा. स्केच बघून सांगतो.